क्लोद झाद : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

फ्रेंच दिग्दर्शक त्रूफोचे सिनेमे दाखवून झाले की बाहेर चहाच्या वेळी कुणीतरी हमखास विचारतं, "ती व्हायोलिनवाली मुलगी कोण हो? पुढे कशात दिसली का?" उभ्या उभ्या दिलेलं उत्तर दर वेळी अर्धवट राहतं, म्हणून एकदाच सगळं लिहून काढलं. प्रश्न लोकांचे आहेत, मतं माझी.

क्लोद झाद म्हणजे नेमकी कोण?

फ्रेंच अभिनेत्री. जन्म ८ ऑक्टोबर १९४८, दिजाँ. फ्रान्स्वा त्रूफोच्या तीन चित्रपटांत तिने क्रिस्तीन साकारली आणि अल्फ्रेड हिचकॉकच्या एका चित्रपटातही ती होती. बहुतेक जण एवढ्यावर थांबतात. पण तिने जवळजवळ चाळीस वर्षं काम केलं, आणि त्यातलं निम्म्याहून जास्त काम आपल्याकडच्या सिनेरसिकांच्या नजरेलाही पडलेलं नाही, कारण ते टीव्हीवर आणि नाटकात झालं.

नावाचा उच्चार कसा करायचा? आणि हे बाईचं नाव आहे ना?

क्लोद झाद. हा 'झ' झाडातलाही नव्हे आणि झेंड्यातलाही नव्हे. इंग्रजी 'मेझर' (measure) म्हणताना जीभ जिथे जाते तिथला. क्लोद हे नाव फ्रेंचमध्ये पुरुषांचंही असतं आणि बायकांचंही. दिग्दर्शक क्लोद शाब्रोल पुरुष होता, म्हणून नुसतं 'क्लोद' शोधलंत तर भलतंच हाती लागेल. तिचं खरं आडनाव झोरे. 'झाद' हे पडद्यासाठी घेतलेलं नाव. त्या हिरव्या दगडाला आपण जेड म्हणतो, तोच.

अभिनयात कशी आली?

दिजाँ हे मोहरीच्या सॉससाठी जगभर माहीत असलेलं गाव. आईवडील दोघंही इंग्रजी शिकवणारे, घर प्रोटेस्टंट, पुस्तकांचं. गावातल्याच नाट्यविद्यालयात ती तीन वर्षं शिकली आणि १९६६मध्ये जुना फ्रेंच नाटककार मोलिएरच्या 'बायकांची शाळा' या नाटकातल्या आन्येससाठी तिला बक्षीस मिळालं.

ही आन्येस लक्षात ठेवा. एका म्हाताऱ्याने बायको म्हणून हाताशी राहावी यासाठी मुद्दाम अडाणी वाढवलेली मुलगी. आणि तीच शेवटी, काही न शिकता, त्याच्या हातावर तुरी देते. दिसायला भोळी, पण वेंधळी अजिबात नाही. क्लोद झादच्या पुढच्या कितीतरी भूमिकांत ही आन्येस कुठेतरी बसलेली दिसते.

त्यानंतर पॅरिस, झाँ-लोराँ कोशे या नामवंत शिक्षकाकडे धडे, आणि टीव्हीवरच्या 'ले झ्वाझो रार' या मालिकेत काम. म्हणजे सिनेमाच्या आधी टीव्ही. ती त्रूफोमुळे जन्माला आली असं लिहिणारे हे विसरतात.

त्रूफोला ती कुठे सापडली?

नाटकात. दिग्दर्शक साशा पितोएफ इटालियन नाटककार पिरांदेल्लोचं 'चौथा हेन्री' करत होता, त्यात ही होती. त्रूफोने प्रयोग पाहिला आणि 'बेझे व्होले', म्हणजे 'चोरलेली चुंबनं', या चित्रपटासाठी तिला घेतलं. चित्रीकरण १९६८च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये झालं. नेमक्या त्याच दिवसांत सरकारने सिनेमातेक फ्रान्सेझ या पॅरिसच्या चित्रपट-संग्रहालयाचा प्रमुख आँरी लाँग्ल्वा याला पदावरून काढलं होतं आणि त्रूफो अर्धा वेळ मोर्च्यांमध्ये होता. चित्रपट सुरू होतो तोच सिनेमातेकच्या बंद दारावर. एकोणीस वर्षांची नवखी मुलगी, दिग्दर्शक रस्त्यावर पोलिसांशी भिडतोय, आणि चित्रपट इतका हलकाफुलका. हे कसं जमलं याचं मला अजून नवल वाटतं.

'बेझे व्होले'मध्ये तिने असं काय केलं?

आधी थोडी पार्श्वभूमी. त्रूफोने आंत्वान द्वानेल नावाच्या पोराची गोष्ट पाच चित्रपटांत सांगितली: १९५९, १९६२, १९६८, १९७० आणि १९७९. पाचही वेळा आंत्वान झाला झाँ-पिएर लेओ. शेवटच्या तीन चित्रपटांत क्रिस्तीन आहे.

'बेझे व्होले'मध्ये आंत्वान सैन्यातून हाकलला गेलाय आणि एकामागून एक नोकऱ्या घालवतोय: हॉटेलात रात्रपाळी, मग खासगी गुप्तहेर, मग चपलांचं दुकान, शेवटी टीव्ही दुरुस्ती. क्रिस्तीन व्हायोलिन शिकते. तिच्या आईवडिलांना आंत्वान आवडतो, जवळजवळ तिच्यापेक्षा जास्त. घरी जेवायला बोलावतात, वाइन आणायला तळघरात पाठवतात, आणि तिथे हा तिचं चुंबन चोरतो. ती चिडतही नाही, विरघळतही नाही. बाजूला होते, बस.

शेवटाकडे मात्र डाव तिच्या हातात येतो. आईवडील बाहेरगावी. ती शांतपणे टीव्हीच्या पाठीमागचा एक भाग काढून ठेवते आणि दुरुस्तीवाल्यांना फोन लावते. येणार कोण हे तिला माहीत आहे. रात्र आपल्याला दाखवत नाहीत. सकाळी दोघं न्याहारीला बसलेली. आंत्वान टोस्टला लोणी फासतोय आणि टोस्ट मोडतोय. हा फ्रेंच बिस्कोत, म्हणजे आपल्या बेकरीत मिळतो तसा खुसखुशीत, दोनदा भाजलेला टोस्ट. क्रिस्तीन त्याला युक्ती दाखवते: एका टोस्टखाली दुसरा ठेवायचा, म्हणजे वरचा मोडत नाही. मग दोघं समोरासमोर बसून चिठ्ठ्या लिहितात आणि एकमेकांकडे सरकवतात. चिठ्ठ्यांत काय आहे ते आपल्याला कळत नाही. शेवटी तो बाटलीचं ओपनर तिच्या बोटात अंगठीसारखं घालतो.

या सगळ्यात तिचा चेहरा पाहा. लेओ हातवारे करतो, डोळे फिरवतो, घाई करतो. ती जवळपास काहीच करत नाही. टोस्ट दाखवताना एखादी मोठी बहीण धाकट्याला बुटाची नाडी बांधायला शिकवते तसा सूर, आणि त्याच सुरात लग्न ठरून जातं. समोरचा नट इतका चंचल असताना गप्प राहणं किती कठीण, हे स्टेजवर उभं राहिलेल्या कुणालाही विचारा.

चित्रपटाला ऑस्करचं परभाषिक विभागातलं नामांकन होतं. बक्षीस सोव्हिएत 'युद्ध आणि शांती'ला गेलं.

आणि पुढचे दोन?

'दोमिसिल काँझ्युगाल' (१९७०), म्हणजे नवराबायकोचं घर. क्रिस्तीन आता व्हायोलिन शिकवते. आंत्वान इमारतीच्या चौकात बसून खऱ्या फुलांना रंग देतो. मूल होतं. मग त्याला क्योको नावाची जपानी मुलगी भेटते. प्रकरण उघडकीस येतं तेही फुलांमधूनच: ट्युलिप उमलतात आणि क्योकोने आत खुपसलेल्या चिठ्ठ्या बायकोसमोर गळून पडतात.

आंत्वान घरी येतो तर क्रिस्तीन किमोनो घालून, चेहऱ्याला पांढरा रंग लावून, जपानी पद्धतीने बसलेली. प्रेक्षक खो-खो हसायला लागतात. मग कॅमेरा जवळ जातो आणि त्या रंगावरून एक थेंब ओघळतो. ती मान हलवत नाही, ओठ हलवत नाही. पुण्यात पहिल्यांदा हा चित्रपट पाहिला तेव्हा प्रिंट इतकी खरवडलेली होती की मला तो थेंब आधी ओरखडाच वाटला. शेजारच्या काकू "अगं बाई" म्हणाल्या तेव्हा कळलं.

याच चित्रपटात आंत्वान तिला म्हणतो की तू माझी बहीण आहेस, मुलगी आहेस, आई आहेस. ती म्हणते, मला तुझी बायकोही व्हायला आवडलं असतं. मराठीत हे वाक्य कुणी आपटून म्हटलं असतं. ती सहज म्हणते आणि निघते.

तिसरा 'लामूर आँ फ्यूइत' (१९७९). दोघांचा घटस्फोट होतोय, परस्परसंमतीने. फ्रान्समध्ये तशी सोय १९७५च्या कायद्याने नुकतीच झाली होती. जुन्या चित्रपटांचे तुकडे जोडून केलेला हा सिनेमा मला तरी शिळ्या भाताची फोडणी वाटतो. पण क्रिस्तीन आणि आंत्वानची जुनी मैत्रीण कोलेत भेटतात तो प्रसंग सोडू नका. दोघी मिळून त्या एका माणसाचा हिशेब मांडतात, आणि कडवटपणा नावालाही नाही.

त्रूफोशी तिचं लग्न ठरलं होतं हे खरं का?

हो, १९६८मध्ये. त्रूफोने माघार घेतली. तो छत्तीसचा, ती एकोणीसची. पुढे तिने त्याच्याबरोबर आणखी दोन चित्रपट केले आणि मैत्री टिकली. चहाच्या वेळी या प्रश्नावर जितका वेळ जातो तितका तिच्या कामावर गेला तर बरं, म्हणून इथेच थांबतो.

हिचकॉककडे कशी पोचली?

त्रूफो हिचकॉकचा भक्त. त्याच्याशी केलेल्या प्रदीर्घ मुलाखतींचं पुस्तक १९६६मध्ये आलं होतं. 'टोपाझ' (१९६९) साठी फ्रेंच चेहरे हवे होते, त्रूफोने तिचं नाव सुचवलं. कथा क्युबातल्या क्षेपणास्त्रांच्या आणीबाणीभोवतीची, हेरगिरीची. क्लोद झाद फ्रेंच हेराची मुलगी मिशेल झाली आहे, दानी रोबँ तिची आई, मिशेल सुबोर नवरा.

खरं सांगायचं तर 'टोपाझ' हा हिचकॉकच्या चांगल्या चित्रपटांतला नव्हे. प्रदर्शनाआधीच्या चाचणी खेळात प्रेक्षकांना शेवट पटला नाही: एका रिकाम्या स्टेडियमवर चाललेलं द्वंद्व. मग शेवट बदलला, पुन्हा बदलला, आणि १४३ मिनिटांचा चित्रपट १२७ मिनिटांवर आणला. त्या कात्रीत हिचे प्रसंगही गेले. शक्य असेल तर लांब आवृत्ती पाहा.

मग हॉलिवूडला का गेली नाही?

युनिव्हर्सल स्टुडिओने सात वर्षांचा करार पुढे केला होता. तिला आपल्या भाषेत काम करायचं होतं, तिने नाही म्हटलं. दुसरी संधी हातची गेली ती मात्र तिच्यामुळे नव्हे. टोनी रिचर्डसन नर्तक निजिन्स्कीवर चित्रपट करणार होता, नर्तक नुरेयेव्ह नायक, ही निजिन्स्कीची बायको रोमोला. निर्मात्यांनी तो सुरू होण्याआधीच गुंडाळला.

त्रूफोशिवायचे कोणते चित्रपट पाहण्यासारखे?

एदुआर मोलिनारोचा 'माझा काका बेंजामिन' (१९६९) आधी पाहा. अठराव्या शतकातला एक मस्तवाल वैद्य, भूमिकेत गायक झाक ब्रेल, आणि खानावळवाल्याची मुलगी मानेत, ही. तिला तो हवा आहे, पण आधी लग्नाचा कागद दाखव म्हणते. पुन्हा आन्येसच, या वेळी खळखळून हसणारी. दोघांची जुगलबंदी मजेदार आहे.

झेरार ब्राश हा दिग्दर्शक पोलान्स्कीचा पटकथालेखक. त्याने दिग्दर्शित केलेला 'गवतावरची होडी' १९७१मध्ये कान चित्रपट महोत्सवाच्या स्पर्धेत होता. दोन मित्र बागेत होडी बांधताहेत आणि एक मुलगी मध्ये येते. इथे तिचं पात्र खोटं बोलतं, आणि तो सोज्वळ चेहरा पहिल्यांदा धोक्याचा वाटतो. दिग्दर्शकांनी हा धागा पुढे ओढला असता तर या पानावर वेगळीच उत्तरं लिहावी लागली असती.

'होम स्वीट होम' (१९७३) हा बेल्जियन चित्रपट, बेन्वा लामीचा: वृद्धाश्रमातले म्हातारे व्यवस्थापनाविरुद्ध बंड करतात. ही त्यात परिचारिका, सोबत झाक पेरँ. आपल्याकडे वृद्धाश्रम म्हटला की रडारड ठरलेली. इथे आजीआजोबा चक्क धिंगाणा घालतात.

जपानी दिग्दर्शक केई कुमाईच्या 'किता नो मिसाकी'मध्ये (१९७६) ती ख्रिस्ती जोगीण आहे. त्यात जपानची थोर अभिनेत्री किनुयो तानाकाही आहे. आणि बऱ्याच नंतरचा झाँ-पिएर मोकीचा 'बाँस्वार' (१९९४): मिशेल सेरो कुणाच्याही घरी संध्याकाळी घुसून मुक्काम ठोकतो, क्लोद झाद एक समलिंगी स्त्री, जिचा वारसा वाचवायला तो तिचा प्रियकर असल्याचं सोंग आणतो. क्रिस्तीनवर जीव टाकणाऱ्यांनी हा जरूर पाहावा, भाबडेपणा थोडा उतरेल.

टीव्हीवर काय केलं?

भरपूर. १९७१मध्ये ती अरबी कथांमधली शहरजाद झाली. १९७९मध्ये 'तीस शवपेट्यांचं बेट' या सहा भागांच्या मालिकेने ती घराघरांत पोचली. मूळ कादंबरी मोरिस लब्लाँची, म्हणजे आर्सेन ल्युपँ या सभ्य चोराच्या जनकाची. कादंबरीत ल्युपँ शेवटी येऊन सोडवणूक करतो; मालिकेने त्याला काढूनच टाकलं. त्यामुळे फ्रान्सच्या ब्रिटनी प्रांताच्या किनाऱ्याजवळचं ते भुताटकीचं बेट, जुनं भाकीत आणि एकामागून एक मरणारी माणसं यांना तोंड द्यायला वेरोनिक एकटी उरते. सहा भाग एका बाईच्या खांद्यावर. फ्रान्समध्ये त्या वर्षी ज्यांनी हे लहानपणी पाहिलं, त्यांच्यासाठी क्लोद झाद म्हणजे वेरोनिक. क्रिस्तीन त्यांना नंतर कळली.

१९८२च्या 'लीझ ए लोरा'मध्ये डबल रोल, जुळ्या बहिणी. पुढे पाहुण्या भूमिका आल्या आणि १९९८ ते २००० फ्रान्स २ वाहिनीवर 'काप दे पँ' ही रोजची मालिका, त्यात आना शाँत्रय.

रोजची मालिका म्हणजे घसरणच ना?

हा प्रश्न विचारणाऱ्यांच्या घरी संध्याकाळी सात ते दहा काय चालू असतं ते मला ठाऊक आहे. रोजच्या मालिकेत संहिता हातात पडते आणि लगेच कॅमेरा सुरू होतो. तालमीला वेळ नाही. नाटकातून आलेली, पाठांतराची सवय असलेली बाई तिथे टिकते. चेहऱ्यावर जगणारी टिकत नाही. पन्नाशीच्या नटीला सिनेमा आईच्या दोन प्रसंगांपलीकडे काही देत नव्हता. मालिकेने रोजचं काम दिलं. घसरण कसली?

रशियाचा काय संबंध?

१९७२मध्ये तिने परराष्ट्र सेवेतल्या अधिकाऱ्याशी लग्न केलं. १९८०च्या सुमारास त्याची नेमणूक मॉस्कोत झाली, ही मुलाला घेऊन गेली आणि तीन वर्षं राहिली. बदलीवाल्याच्या बायकोचं करिअर गुंडाळलं जातं हे आपल्याकडेही घरोघरी पाहिलेलं. हिने तिथेच काम शोधलं. आलोव्ह आणि नाउमोव्ह या जोडीच्या 'तेहरान ४३'मध्ये (१९८१) ती अतिरेकी फ्रान्स्वाझ झाली. त्यात फ्रेंच स्टार आलँ दलाँही होता आणि सोव्हिएत संघात चित्रपट तुफान चालला. त्याच वर्षी सेर्गेई युत्केविचच्या 'लेनिन पॅरिसमध्ये' या चित्रपटात ती इनेसा आर्मां झाली: लेनिनची सहकारी, आणि बऱ्याच जणांच्या मते त्याहून अधिक काही. अधिकृत सोव्हिएत चित्रपटात ते 'अधिक काही' उघड बोलता येत नव्हतं, म्हणजे न बोलता दाखवायचं. तिला यापेक्षा सोयीची भूमिका कोणती?

मॉस्कोनंतर सायप्रसमध्ये निकोसिया. पॅरिसपासून लांब राहिलेली ही वर्षं महागात पडली यात शंका नाही. निर्माते समोर दिसणाऱ्याला काम देतात.

नाटक सुटलं का?

कधीच नाही. लियाँमध्ये झाँ मेयेरच्या मंडळीत तिने झिरोदू, माँतेर्लाँ या नाटककारांची नाटकं केली.

मग ती मोठी स्टार का झाली नाही?

लोक म्हणतात, दुर्दैव. मला वाटतं शिक्का. 'बेझे व्होले'नंतर तिच्यावर सोज्वळ मुलीचा ठसा बसला, आणि सोज्वळपणा हा अभिनय असतो हे कुणी मानत नाही. वेडी, दारुडी, खुनी बाई केली की "काय काम केलंय!" म्हणतात, घरात वावरणारी, सरळ बोलणारी मुलगी केली की "ती तशीच असेल" म्हणून मोकळे होतात. लेओ तर साऱ्या फ्रेंच नवसिनेमाचा लाडका, त्याच्या शेजारी उभं राहून त्याला सावरणारीकडे कोण बघतो? तबलजीचं कौतुक गवयाने मान वळवून दाद दिली तरच होतं.

यात तिच्या निर्णयांचाही वाटा आहे: कराराला नकार, मॉस्को, निकोसिया. पण ते तिने राजीखुशीने घेतलेले दिसतात.

सन्मान मिळाले का?

१९९८मध्ये लेजियाँ दॉनर हा फ्रान्सचा सर्वोच्च सन्मान, शेव्हालिए श्रेणी.

आत्मचरित्र आहे का?

आहे, २००४चं. नाव 'बेझे आँव्होले'. चित्रपटाच्या नावात एक अक्षर वाढवलंय: 'व्होले' म्हणजे चोरलेली, 'आँव्होले' म्हणजे उडून गेलेली. मराठीत हा श्लेष साधत नाही, मी प्रयत्न करून सोडून दिला.

शेवटचं काम कोणतं?

झाक राँपालचं 'सेलिमेन आणि कार्डिनल' हे पद्यनाटक, २००६. मोलिएरच्या 'मिझांत्रोप'मधली सेलिमेन आणि तिचा माणूसघाणा प्रियकर वीस वर्षांनी भेटतात: तो चर्चचा कार्डिनल झालाय, ती संसारी, चार मुलांची आई. दोनच पात्रं, सगळं यमकात, विंगेत जाऊन दम खायला जागा नाही. तिला डोळ्याचा कर्करोग झाला होता. त्या उन्हाळ्यात ती कृत्रिम डोळा लावून हा प्रयोग करत होती. आजार यकृतात पसरला आणि १ डिसेंबर २००६ रोजी बुलोन्य-बियाँकूरमध्ये ती गेली. अठ्ठावन्न वर्षांची होती.

सुरुवात कुठून करावी?

'बेझे व्होले', मग लगेच 'दोमिसिल काँझ्युगाल'. त्यानंतर तिसऱ्याकडे न वळता 'बेंजामिन' आणि 'तीस शवपेट्यांचं बेट'. द्वानेलचे आधीचे दोन पाहिलेले नसले तरी अडत नाही.

तो टोस्टचा उपाय खरंच चालतो का?

चालतो. बेकरीतल्या जाड टोस्टवर करून पाहिलाय. फक्त लोणी फ्रिजमधून काढल्या काढल्या लावू नका, मग दोन्ही मोडतात.